ओढा धरून रेघ

११४७, बी वॉर्ड,
चिंचबन तालमीजवळ, कोल्हापूर
रविवार, ९ नोव्हेंबर २०२५

प्रिय अमरसिंह,

सप्रेम नमस्कार.

यातलं ‘सप्रेम’ ठेवावं की नुसत्या नमस्कारावर भागवावं, यात सकाळपासून दोन कागद वाया गेले. शेवटी ठेवलं. तुला जास्त वाटलं तर खोडून वाच.

इकडे सगळं ठीक. बायडाकाकींची तब्येत खणखणीत आहे. हे मी तुला कळवायचं म्हणजे गंमतच, कारण आई तुझी, आणि दर रविवारी तू कागलहून तिला भेटायला येतोसच. गाडी मागच्या बोळात लावतोस. मी मुद्दाम बघत नाही. गच्चीवर कपडे वाळत घालायला गेलं की दिसतं. घराला पुढचं दार असताना सव्वीस वर्षं माणूस मागच्या बोळातून आईकडे येतो, तेव्हा पुढच्या दारासमोर कोण राहतं हा प्रश्न उरतो. समोर मी राहतो.

फोन करणार होतो. पण फोन तू कापला असतास. पत्र फाडायचं तरी आधी उघडावं लागतं.

तर बातम्या. आपल्या तालमीला यंदा पंचाहत्तर वर्षं होतात. १४ डिसेंबरला कार्यक्रम आहे. हंबीरराव अजून अध्यक्षच आहेत, आवाजही तोच. चौकातून बोलले तर मला स्वयंपाकघरात ऐकू येतं. फुटबॉल संघ जोरात आहे. पूर्वीचं कलम चार, ‘तालमीकडून खेळणारा बी वॉर्डाचाच रहिवासी असावा’, ते २००६ साली काढून टाकलं, त्यामुळे आता गोव्याची, मिरजेची पोरं खेळतात. बचावाला एमेका नावाचा नायजेरियाचा खेळाडू आहे. तो तुमच्याच माडीवर भाड्याने राहतो, हे तुला माहीत असेल. काकींना ‘आई’ म्हणतो आणि मला रोज विचारतो, “काय मास्तर, जेवलाईसा?” मी हातकणंगल्याच्या कॉलेजात ग्रंथपाल आहे, मास्तर नाही, हे त्याला तीनदा सांगितलं. ऐकत नाही.

कार्यक्रमात एक काळा दगड तालमीच्या दर्शनी भिंतीत बसवायचा आहे. त्यावर १९९९ च्या विजेत्या संघाची अकरा नावं, शर्टाच्या नंबरप्रमाणे. केरबा पाथरवट तालमीच्या पायरीवर बसून कोरतोय. सध्या एक नंबर चालू आहे.

आता मुख्य गोष्ट. आमच्या घराची पुढची भिंत कललीय. ती पाडून बांधायची म्हणून मी सरकारी मोजणी मागवली. गेल्या मंगळवारी कृष्णात नावाचे भूकरमापक आले. टेप लावली, नकाशा पसरला, आणि म्हणाले, “पावणं, तुमी बी वॉर्डात न्हाय की.”

“म्हणजे?”

“सी वॉर्ड. मागची ही मोरी तेवढी बी मधी येतीय.”

तुला माहीतच आहे, आपल्याकडे महापालिकेचे प्रभाग दर निवडणुकीला बदलतात, त्यांचं कुणाला काही वाटत नाही. पण सिटी सर्व्हेचे जुने ए, बी, सी, डी, ई वॉर्ड प्रॉपर्टी कार्डावरून लग्नपत्रिकेवर आणि लग्नपत्रिकेवरून माणसाच्या कपाळावर गेलेत. आमच्या आजोबांनी दारावर ‘बी वॉर्ड’ची पत्र्याची पाटी ठोकली होती. कुणी खात्री केली नाही. हिशेबाने बघितलं तर बी वॉर्डाचा मी नागरिक आहे तो फक्त अंघोळीपुरता.

यावरून मागची एक बाब आठवली. एप्रिल १९९९ मध्ये, काळा हौद तालमीविरुद्धच्या अंतिम सामन्याच्या दोन दिवस आधी, तुझं घर सी वॉर्डात येतं अशी हरकत सभेत नोंदवण्यात आली होती. (माझ्याकडून.) नकाशाची प्रत दाखवण्यात आली. कलम चारप्रमाणे तुला वगळण्यात आलं व अन्य खेळाडूला उतरवण्यात आलं. कृष्णातरावांचा नकाशा पाहता तुझं घर पूर्णपणे बी वॉर्डात आहे, माडीसकट. म्हणजे त्या वेळी नकाशा वाचताना एक छोटी तांत्रिक चूक झालेली दिसते. ती तुझ्या कानावर घालणं मला आवश्यक वाटलं.

दगडावरच्या सातव्या क्रमांकाचा काही फेरविचार होतो का, ते मी बघतो. तू कार्यक्रमाला आलास तर सर्वांना आनंद होईल.

चूकभूल द्यावी घ्यावी. या ओळीचा अर्थ आज पहिल्यांदाच कळून लिहितोय.

आपला,
अभिराम

*

११४७, बी वॉर्ड (वादग्रस्त),
कोल्हापूर
बुधवार, १९ नोव्हेंबर २०२५

प्रिय अमर,

तुझं उत्तर रविवारी काकींनी आणून दिलं. सोबत वांग्याची भाजीही होती. तुझ्या कारखान्याच्या डिलिव्हरी चलनाच्या पाठीमागे एकच ओळ: “सात नंबरचा शर्ट कुणी घातला ते पत्रात न्हाय.”

ती ओळ वाचली आणि पहिल्या पत्राची ठेवलेली प्रत काढून पुन्हा वाचली. (मी प्रत ठेवतो. तू हसशील. हस.) ‘नोंदवण्यात आली’, ‘वगळण्यात आलं’, ‘उतरवण्यात आलं’. असं वाटतं की त्या वर्षी आपल्या पेठेत माणसंच नव्हती, सगळं आपोआप होत होतं. ‘अन्य खेळाडू’ तर मला इतका आवडला की लिहिताना क्षणभर मलाच प्रश्न पडला, कोण बरं तो?

मी. सात नंबर मी घातला.

तुझ्या मापाचा होता, माझ्या गुडघ्यापर्यंत येत होता. आत खोचला तर चड्डीत मावेना. तू त्या दिवशी स्टेडियमवर आला होतास. पूर्वेकडच्या पायऱ्यांवर, खालून चौथी रांग. आम्ही ओळीने मैदानात आलो तेव्हा मी वर बघितलं आणि तू उभा राहिलास. तू टाळ्या वाजवायला उठलास असं मला वाटलं. तू निघून गेलास. गोल बघायला थांबला नाहीस म्हणून सांगतो, कारण आजपर्यंत गल्लीत कुणी तुला तो खरा सांगितला नसणार. एकोणसत्तराव्या मिनिटाला माझ्या बुटाची नाडी सुटली. मी त्यांच्या गोलसमोर पाठ करून वाकलो. कुणीतरी लांबून चेंडू मारला, तो माझ्या पाठीवर आपटला आणि आत गेला. मला लोक खांद्यावर घेऊन नाचायला लागले तेव्हा कळलं. नाडी सुटलेलीच होती.

तेव्हापासून पेठेत मला ‘पाठगोल’ म्हणतात. कॉलेजातल्या शिपायालाही माहीत आहे. दगडावर हंबीररावांनी खास ओळ घातलीय: ‘विजयी गोल : अभिराम’. पाठीचा उल्लेख नाही.

आता दुसरी दुरुस्ती. ‘गेल्या मंगळवारी’ कळल्यासारखं मी लिहिलं. मोजणी मंगळवारी झाली हे खरं. पण कळलं तेव्हा नाही. २०१४ साली बाबा गेल्यावर वारस नोंदीसाठी मी पहिल्यांदा घराचं प्रॉपर्टी कार्ड काढलं. त्यावर स्वच्छ लिहिलं होतं, सी वॉर्ड. मी ते घडी घालून घरातल्या विश्वकोशाच्या तिसऱ्या खंडात ठेवलं. अकरा वर्षं. कुणाला सांगितलं नाही. परवा कृष्णातरावांसमोर मी जे आश्चर्य दाखवलं ते इतकं हुबेहूब जमलं की त्यांनी मला पाणी प्यायला दिलं.

माझ्या बायकोला, वर्षाराणीला मात्र खरंच मंगळवारी कळलं. तिचं माहेर सी वॉर्डात, काळ्या हौदाच्या गल्लीत, हे तुला ठाऊक नसेल. आपलं बोलणं बंद झाल्यानंतर लग्न झालं. ती चहाचा ट्रे हातात घेऊन दारात उभी. म्हणाली, “म्हणजे एकवीस वर्षं मी सासरी आलेच न्हाय म्हणायचं!” तेव्हापासून मला घरजावई म्हणते. काल भाजीवाल्यासमोर म्हणाली.

मग मी धीर करून हंबीररावांकडे गेलो. ते ओट्यावर दाढी करत होते. सगळं सांगितलं. निम्मा गाल साबणात, निम्मा मोकळा, आणि ते म्हणाले, “लेका अभ्या, सव्वीस वर्सांनी तुला ही उबळ कशी काय आली?”

म्हटलं, “नाव चुकीचं कोरलं जाईल.”

“मग चुकीचं कोरू दे की. देवळाच्या पायऱ्यांवर काय समदी नावं खरी असत्यात व्हय?”

“पण अमरसिंहचं घर बी वॉर्डात आहे.”

“असू दे. आनि हे बघ, त्यो नकाशा घेऊन माझ्या घराकडं फिरकू नगंस. माझं घर कुठल्या वॉर्डात हाय ते मला म्हाईत हाय, आनि तेवढं बास हाय.”

शेवटी एवढंच कबूल झाले की ३० तारखेला सर्वसाधारण सभा आहे, तिथे काय ते बोल. “खरं,” म्हणाले, “केरबा सातवर पोचायच्या आत बोल. दगडावर खोडरबर चालत न्हाय.”

म्हणून सध्या माझा दिनक्रम असा आहे. सकाळी कॉलेजला जाताना तालमीच्या पायरीवर डोकावतो. काल तीन नंबरचा काना चालू होता. संध्याकाळी येताना केरबासाठी भजी आणि चहा आणतो आणि त्याच्याशी गप्पा मारतो, म्हणजे तेवढा वेळ छिन्नी थांबते. तो खूश आहे. म्हणाला, “मास्तर, तुमच्यासारखी कलेची कदर करणारी मान्सं ऱ्हायली न्हाईत.” मी त्याला सातची जागा मोकळी सोडून आठ घ्यायला सुचवलं. तो रागावला. म्हणाला, “ही काय वही हाय का, पान सोडून लिवाय?”

हे सगळं लिहून झाल्यावर मी विचार केला, की अमरला मी नेमकं काय मागतोय? माफी मागतोय की साक्षीदार? तुझं नाव दगडावर आलं तर त्यात तुला काय मिळणार? तुझं स्वतःचं नाव कारखान्याच्या फाटकावर यापेक्षा मोठ्या अक्षरात आहे. (एकदा कागलवरून जाताना बसमधून बघितलं. खरं तर तीनदा.) कदाचित नाव लावण्याची गरज तुझ्यापेक्षा मलाच आहे. पण गरज माझी असली म्हणून नाव खोटं होत नाही. इथपर्यंत येऊन मी थांबलो, कारण यापुढे विचार केला तर मी सभेला जाणारच नाही.

सभेत काय बोलायचं त्याचा मसुदा तयार आहे, चार पानं. पाठवू का? तू वाचून सांगितलंस तर बरं होईल.

तुझा,
(हे ‘आपला’ खोडून लिहिलंय, दिसत असेल)
अभिराम

*

११४७, सी वॉर्ड,
कोल्हापूर
सोमवार, १ डिसेंबर २०२५

अमऱ्या,

तुझं दुसरं चलन मिळालं. “मसुदा पाठवू नगंस. आधी बोल. मग लिव्ह.” बोललो. आता लिहितो.

तू बरंचसं ऐकलंस, हे मला ठाऊक आहे. तरी सगळं लिहितो. का, ते शेवटी कळेल.

सभेला साठेक लोक होते. एमेका पहिल्या रांगेत, शेजारी काकी. काकींना तालमीच्या सभेत बायका येत नाहीत असं कुणीतरी सांगितलं. त्या म्हणाल्या, “माझा भाडेकरू सभासद हाय, त्याला मराठी समजत न्हाय, म्हनून मी आलिया.” एमेका म्हणाला, “व्हय की.” विषय संपला.

केरबा शनिवारी संध्याकाळी सहा नंबर संपवून बसला होता. भजी खाऊन त्याचा घसा बसलाय. सात रिकामा होता.

हंबीररावांनी जमाखर्च, मांडव, जेवण सगळं उरकलं आणि म्हणाले, “अभिरामला कायतरी बोलायचं हाय. थोडक्यात बोलंल.” मी चार पानं काढली. चष्मा घरी राहिला होता. पानं परत खिशात घातली.

मी म्हणालो, माझं घर सी वॉर्डात आहे. मागे कुणीतरी हसलं, “मोरी सोडून!” वर्षाराणीने ती बातमी भाजीवाल्यापर्यंतच ठेवलेली नव्हती. मग म्हणालो, अमरसिंहचं घर बी वॉर्डात आहे, तेव्हाही होतं. तेव्हा म्हणजे नव्याण्णव साली का, म्हणून कुणी विचारलं. म्हटलं, कायमच. वॉर्डाची रेघ आधीची आहे, आपला रस्ता नंतरचा. मी रस्ता म्हणजेच रेघ धरली, आणि रस्त्याच्या पलीकडचा तो सी, अलीकडचा मी बी, असं ठरवलं. रेघ तिरकी आहे. जुन्या ओढ्यावरून गेलीय. अमरच्या घराच्या मागून येते, रस्ता ओलांडते आणि माझ्या मोरीतून जाते.

इथे काकी उठल्या. “ह्या अभ्याच्या घरामागनंच व्हायचा ओढा. मी लगीन होऊन आले तवा तितंच धुणं धुतलंय. पुढं बुजवला. मला इचारलं असतंस तर नकाशा कशाला लागला असता रं?”

सगळे माझ्याकडे बघायला लागले. मी पुढचं पुटपुटलो. आणि तेवढ्यात काकींच्या पदराखालून तुझा आवाज आला.

“आये, अभ्याला जरा जोरात बोलाय सांग. ऐकू येईना.”

सव्वीस वर्षांनी तुझ्या तोंडून माझं नाव ऐकलं ते असं, पदराखालून. काकींनी फोन काढून सरळ समोर धरला, देवासमोर निरांजन धरावं तसा. मी जोरात बोललो. आयुष्यात एवढ्या जोरात बोललो नव्हतो; हंबीररावांनी कानावर हात ठेवला. सात नंबर मी घातला हे बोललो. अकरा वर्षं कार्ड कोशात लपवलं हेही बोललो. दगडावरचा सात अमरसिंहचा आहे, माझं नाव कुठेही नको, एवढं म्हणून खाली बसणार होतो.

पण सभेत तोवर वेगळंच पेटलं होतं. कुणाच्या तरी लक्षात आलं, की अभिराम सी वॉर्डचा, म्हणजे आपण नियमबाह्य खेळाडू खेळवला, म्हणजे कप काळ्या हौदाचा! एकच दंगा. “मिटवा हे!” “नाव राहू दे त्याचं!” “कप कपाटात हाय का बघा आधी!” आदर्श, तालमीचा खजिनदार, खरंच कपाट उघडून बघून आला.

हंबीरराव उठले. एका हाकेत सगळ्यांना खाली बसवलं. मग बोटांवर मोजत म्हणाले, “थांबा. अभ्या सी वॉर्डचा. व्हय?”

“व्हय!”

“सी वॉर्ड म्हंजे काळा हौद. व्हय?”

“व्हय!”

“मग गोल मारला कुनी? काळ्या हौदाच्या मान्सानं. कुनावर मारला? काळ्या हौदावर. म्हंजे त्यो स्वयंगोल झाला की! आपन स्वच्छ. कप आपला!”

साठ माणसं टाळ्या वाजवत उठली. एमेकाने विचारलं काय झालं, काकींनी सांगितलं, तोही उठला. ठराव एकमताने झाला. दगडावर सात नंबरला अमरसिंह, आणि खालची ओळ: ‘विजयी गोल : स्वयंगोल (काळा हौद)’. अशा रीतीने माझ्या आयुष्यातला एकमेव गोल काल सायंकाळी मी स्वतःवर मारला. मागे कुणीतरी ओरडलं, “पाठगोल, तुझी पाठ सी वॉर्डची निघाली!” आणि मी हसलो, अमऱ्या. खरंच हसू आलं.

मग मी हात वर केला. म्हटलं, अजून एक वाक्य आहे.

ते वाक्य मी बोललो. दंग्यात चार-पाच जणांनीच ऐकलं आणि त्यातल्या कुणालाच त्याचं काही वाटलं नाही. पण काकींना वाटलं. त्यांनी फोनकडे बघितलं. बंद पडला होता. चार्जिंग संपलं होतं, मी दंग्याच्या आधी बसायला लागलो तेव्हाच. त्या म्हणाल्या, “त्यानं हे ऐकलं न्हाय. हे तूच सांग त्याला.”

आणि मला पहिला विचार काय आला सांगू? सुटलो. सभेत बोलून झालं, ‘आधी बोल’ ही अट पाळली, आणि अमरला कळलंही नाही. हा विचार साधारण तालमीच्या पायरीपासून आमच्या दारापर्यंत टिकला. म्हणून हे पत्र.

तर ते वाक्य.

१५ एप्रिल १९९९, गुरुवार. मी सिटी सर्व्हेच्या कचेरीत गेलो होतो. नकाशाची प्रत देताना तिथल्या म्हाताऱ्या कारकुनाने चष्म्यावरून बघत मला सांगितलं, “बाळ, रेघ ओढा धरून हाय, रस्ता धरून न्हाय. ओढा कुठनं जात हुता ते एखाद्या जुन्या मान्साला इचार, मग वाच.” मी हो म्हणालो, आभार मानले आणि सायकलवरून घरी आलो. तुमच्या ओट्यावर काकी गहू निवडत बसल्या होत्या. त्यांनी विचारलं, “उन्हाचं कुठं गेलतास रं?” मी म्हटलं, “कॉलेजात.”

जुनं माणूस समोर बसलं होतं. विचारायला एक मिनिट लागलं असतं. विचारलं नाही, कारण उत्तर काय येईल याची मला भीती होती. म्हणजे चूक नव्हती ती. तांत्रिक तर नव्हतीच.

काल माळ्यावरून त्या वर्षीची डायरी काढली. १५ तारखेला लिहिलंय: ‘ऊन फार. सिटी सर्व्हेत गेलो. काम झालं.’ कारकून नाही, ओढा नाही. मी कुठल्या दिवशी कोणती भाजी खाल्ली तेसुद्धा लिहिणारा माणूस, आणि ते एक वाक्य गाळलं. १६ तारखेला, सभेच्या दिवशी: ‘सत्य कटू असतं.’ वाचून मला स्वतःच्याच मुस्काटात मारावीशी वाटली. त्याच पानावर खाली, बारीक अक्षरात, तू सभेत काय म्हणालास ते मात्र लिहून ठेवलंय. हंबीररावांनी तुला विचारलं होतं, तुला काय म्हणायचं आहे? तू माझ्या हातातल्या नकाशाकडे बघितलंसुद्धा नाहीस. म्हणालास, “अभ्यानं बघितलंय म्हणजे बरोबर असंल.”

का केलं, याचं मोठं कारण मी बरीच वर्षं शोधतोय. सापडत नाही. तीन हंगाम मी राखीव बाकावर बसून तुला पाणी द्यायचो. एकदा, एकदाच, तो शर्ट घालून त्या गर्दीसमोर पळायचं होतं. एवढंच आहे. एवढ्याशा गोष्टीसाठी एवढं कसं झालं, हे मला तुला समजावता येणार नाही, आणि तू समजून घ्यावंस असंही मी म्हणत नाही.

केरबाने आज सकाळी सात नंबर घेतला. मी कॉलेजला रजा टाकून पायरीवर बसलो. भजी नव्हती नेली, तरी तो बोलला माझ्याशी. तुझं नाव लांब आहे, दुपार झाली. शेवटच्या अक्षराला विसर्गासारखी दोन टिंबं असतात का म्हणून त्याने विचारलं. नाही म्हटलं, स्वच्छ लिही.

शर्ट या पत्रासोबत काकींकडे देतोय. सव्वीस वर्षं लोखंडी कपाटात होता. वर्षाराणीने काल धुतला, इस्त्री केली. नाडीच्या दिवशीचा चेंडूचा डाग पाठीवर राहिलाय, तो गेला नाही. ती म्हणाली, “राहू दे. सी वॉर्डचा पुरावा हाय.”

१४ तारखेला सकाळी जुन्या खेळाडूंचा सामना आहे, चिंचबन विरुद्ध काळा हौद. हंबीररावांनी त्या एका सामन्यापुरतं कलम चार पुन्हा चालू केलंय, त्यामुळे मला चिंचबनकडून खेळता येत नाही. वर्षाराणीच्या भावाने काळ्या हौदाच्या संघात माझं नाव घातलं. त्यांनी मला बारा नंबर दिलाय. राखीव. तुम्हाला पाणी मात्र यंदा मी देऊ शकणार नाही, विरुद्ध बाकावर असेन.

येशील की नाही ते मी विचारत नाही. आलास तर एक कर. गाडी मागच्या बोळात लावू नकोस. रस्ता रुंद आहे. दोन्ही घरांच्या मध्ये, रेघ जिथे रस्ता ओलांडते तिथे, कृष्णातरावांनी खडूने खूण करून ठेवलीय. तिथे लाव. अर्धी गाडी तुझ्या वॉर्डात राहील, अर्धी माझ्या.

मी दारात उभा असेन.

तुझा,
अभ्या
सी वॉर्ड
(मोरी सोडून)